परवाना आणि पेज

पार्से गावापासून शापोरा नदी फार दूर नाही. तिच्या पात्रात पाग टाकून वा जाळे लावून पोट भरणाऱ्याचे खरे भांडवल म्हणजे त्याचे दोन हात. त्यांतला एक निकामी झाला, की होडी काठाला लागते आणि घरची चूल थंडावते. अशा माणसाकडून मासेमारीच्या परवान्याचे शुल्क वसूल करणे शासनाला शोभेल काय, असा आमचा सवाल आहे.

इंग्लंडात गळाने मासे धरण्याच्या परवान्यावर अपंगांना सवलत मिळते. अमेरिकेतील अनेक राज्यांतही तशी सोय आहे. तेथे हा बहुधा विरंगुळ्याचा विषय, पेडण्यात तो पेजेचा प्रश्न. विरंगुळ्याला जे मिळते, ते पेजेला का मिळू नये?

दिव्यांगांच्या हक्कांविषयीच्या २०१६ च्या कायद्याने ४० टक्के वा अधिक अपंगत्व असलेल्यांसाठी दारिद्र्यनिर्मूलनाच्या व विकासाच्या योजनांत ५ टक्के वाटा राखण्यास सांगितले आहे. त्याच न्यायाने परवान्याचाही विचार व्हावा.

मात्र नुसत्या शुल्कमाफीने भागणार नाही. चार पैसे वाचले, तरी जाळे ओढणार कोण? परवाना अपंगाच्याच नावे ठेवून त्याच्या घरच्या माणसास त्यावर मासेमारी करू द्यावी आणि दाखल्यांची तपासणी पेडण्यातच उरकावी. पणजीच्या खेपा घालायला लावून दिलेली माफी ही शिक्षाच ठरेल. १९६१ साली आलेली मुक्ती दुबळ्यातल्या दुबळ्याच्या दारी पोचावी, एवढीच आमची अपेक्षा आहे.