मांडवातली धवलारीन

मे महिन्यातल्या हळदीच्या रात्री डोंबिवलीच्या सत्तावीस गावांपैकी कुठल्याही गावात जा, बेंजोचा दणका तुम्हाला वेशीवरच गाठतो. मांडवात मात्र एका कोपऱ्यात दोन वयस्क बाया गात बसलेल्या असतात. पेटी नाही, ढोलकी नाही. लग्न खरं तर त्याच लावत असतात.

या धवलारिनी. आगरी बोलीला ळ आणि ण मानवत नाहीत, म्हणून हळदीची हलद होते, लग्नविधीत गायच्या धवळ्याचा धवला आणि धवलारिणीची धवलारीन. ठाणे-कल्याणपासून रायगडपर्यंतच्या आगरी समाजात तिला पुरोहिताचा मान. मुहूर्तमेढ रोवणं, हळद दळणं, तेलवण, अशा प्रत्येक विधीचा धवला वेगळा. गाणं संपल्याशिवाय विधी पुरा झाला असं जुनी माणसं मानत नाहीत. कार्ल्याच्या एकवीरेला, गावदेवीला, घरच्या पितरांना आवतण द्यायचं तेही गाण्यातूनच.

हे सगळं पाठ असतं आणि नसतंही. चौकट आजीकडून आलेली. पण नवऱ्याचं नाव, मामाचं गाव, मांडवात आत्ता काय चाललंय, हे जागच्या जागी ओवलं जातं. ही संगीतरचनाच, फक्त तिच्यावर कुणाचं नाव छापलेलं नाही. तेराव्या शतकात महानुभाव पंथातल्या महदाइसेनेही श्रीकृष्ण-रुक्मिणीच्या विवाहाचे धवळे असेच प्रसंगी रचून गायले, आणि मराठीची आद्य कवयित्री म्हणून तिची नोंद झाली. धवलारिनीची कुठल्या वहीत होणार?

एकीने ओळ टाकायची, दुसरीने झेलायची. बाली बेटावरच्या गामेलान वाद्यवृंदात जोडीची काशाची वाद्यं मुद्दाम किंचित वेगळ्या सुरात लावतात. दोन्ही एकदम वाजली की नाद थरथरतो. धवलारिनींच्या जोडीतही ही थरथर ऐकू येते. मुद्दाम कोणी काही लावलेलं नसतं, एवढाच फरक.

कोळीगीतं तबकडीवर गेली, सिनेमात गेली, शहरी गॅदरिंगमध्ये नाचली. धवल्याचं तसं झालं नाही. त्याला ना मुखडा, ना ठेका. एकच संथ चाल तासभर चालते. जुन्या तबकडीच्या तीन-चार मिनिटांत एक देवही बोलावून होत नाही!

आता अडचण वेळेची आहे. अंगणं इमारतींखाली गेली, हॉल तासांच्या हिशेबाने मिळतो, भटजींचा मुहूर्त ठरलेला. मग धवल्याची कडवी गळतात, कधी अख्खा विधीच गळतो. शिकलेल्या सुनांना चाल येते, शब्द येत नाहीत. त्या मोबाइलवर रेकॉर्ड करून ठेवतात. आगरी यूथ फोरमने फेब्रुवारी २०१७ मध्ये डोंबिवलीत ९०वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरवलं, आगरी महोत्सवही ही संस्था भरवते. अशा व्यासपीठांमुळे बोलीबद्दलचा संकोच कमी झाला, हे खरं. पण व्यासपीठावरचा धवला ऐकताना समोर हळद लावायला कोणी नसतं, आणि मग बाईही उगाच घाईत गाते.

मांडवात ती घाई करत नाही. हळद लावायची वेळ झाली की कुणीतरी वडीलधारं बेंजोवाल्यांना हात करतं. पोरं कुरकुरत थांबतात, चहा मागवतात. बेंजोवाल्यांचा माइक हल्ली तिच्यापुढे धरला जातो; ती तो जरा बाजूला सारते आणि गणपतीपासून सुरुवात करते.