सॅमचा विस्तव

काल्पनिक राज्य रचणारे लेखक राजे, तलवारी आणि वंशावळी भरभरून देतात. त्या राज्यात चूल कशी पेटते हे मात्र सहसा सांगत नाहीत. ऑक्सफर्डचे प्राध्यापक जे. आर. आर. टॉल्किन यांनी ते सांगितले. १९५४-५५ साली आलेल्या त्यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीत हॉबिट नावाची बुटकी, खाण्याची शौकीन जमात आहे. त्यांची पोरे मुळाक्षरांआधी स्वयंपाक शिकतात. कित्येक जण अक्षरांपर्यंत पोहोचतही नाहीत.

सत्तेची अंगठी ज्या ज्वालामुखीत घडली, त्यातच ती टाकायला फ्रोडो हा हॉबिट निघाला आहे. सोबत त्याचा माळी सॅम. सॅमच्या पाठीवरच्या पिशवीत चकमकीची डबी, एकात एक बसणारी दोन उथळ भांडी, लाकडी चमचा, दोन दातांचा काटा, काही सळया आणि अगदी तळाशी लाकडी डबीत जपलेले मीठ. शत्रूच्या मुलखाकडे निघालेला माणूस मीठ बरोबर घेतो, इथेच मला तो आवडला.

वाटेत गॉलम दोन ससे मारून आणतो. सॅम गवताची ढेकळे कापून उथळ खळगा करतो, त्यात वाळले नेचे आणि सीडारच्या काटक्या रचतो. जाळ लहान, धूर जवळजवळ नाही. तमालपत्राच्या जातीची बे पाने, ओव्याच्या वासाची थाइम आणि सेज घालून रस्सा तासभर शिजतो. २००२ सालच्या चित्रपटामुळे लोकांना इथले बटाट्याचे बोलणे आठवते. मला तो खळगा आठवतो. आमच्या घरी सालन चढवले की अम्मी चुलीतले एक लाकूड मागे ओढायची. आच धरून ठेवणे म्हणजे काय, हे तिच्याइतकेच सॅमला ठाऊक आहे. गॉलमला मात्र हे सारे म्हणजे चांगल्या मांसाची नासाडी वाटते. कित्येक वर्षे अंगठी बाळगलेला हा जीव कच्चेच खातो.

मराठीत चुलीत असतो तो विस्तव, रानात भडकतो तो वणवा. दोहोंत अंतर थोडेच. जेवणानंतर सॅम विस्तव विझवायला विसरतो. बाजूचे नेचे पेट घेतात, ढेकळे धुमसतात, धूर वर चढतो. शस्त्रे घेतलेली माणसे तिथे येऊन ठेपतात. ती फारामिरची निघाली, शत्रूची नव्हेत, हे नशीब.

अंगठीमागची आग तेवढ्यावर थांबणारी नाही. ज्वालामुखीजवळ ओझे कमी करताना सॅम फ्रोडोला विचारतो, तो ससा आठवतो का? फ्रोडोला तसे घडल्याचे कळते, पण अन्नाची चव, पाण्याचा स्पर्श काहीच मनापुढे येत नाही. जागेपणीही आगीचे एक चाक तेवढे दिसत राहते. कादंबरीतल्या सगळ्या लढायांपेक्षा मला हे भयंकर वाटते. सत्तेने माणसाची जीभ आधी नेली.

मग सॅम आपली भांडी एका खोल भेगेत टाकतो. ती खाली आदळत जातात, तो आवाज त्याच्या काळजाला लागतो.

पहिल्या महायुद्धात सॉमच्या आघाडीवर असलेल्या टॉल्किन यांना सॅम सुचला, तो तिथल्या साध्या शिपायांवरून. कादंबरीच्या शेवटच्या पानावर ते राजाकडे जात नाहीत. फ्रोडोला समुद्रापार निरोप देऊन सॅम संध्याकाळी घरी परततो. आत दिवा आहे, चूल पेटलेली आहे, आणि जेवण तयार आहे.