‘तेथून उत्तरेस हिमनद्यांपर्यंत’ : काश्मीरच्या सीमालेखांतील एक मोघम कलम

जुनीं इनामपत्रें व सनदा चाळणाऱ्या आमच्या वाचकांस चतुःसीमेचें कलम नवें नाहीं. पूर्वेस ओढा, दक्षिणेस अमक्याचें शेत, पश्चिमेस गाडीवाट, असें एकदां नेमकें लिहून गेलें म्हणजे पुढें शें-दोनशें वर्षांनींहि तंटा तोडतां येतो. आणि तें कलम गाळलें किंवा मोघम ठेविलें म्हणजे नातवंडांस जमिनीबरोबर कज्जाहि वारशानें मिळतो. आपल्या स्मृतिकारांनीं सीमाविवाद हें स्वतंत्र व्यवहारपद मानिलें आहे तें याचसाठीं. सीमेवर वड, पिंपळ, पळस, सांवर असे वृक्ष राखावे. त्यांखेरीज दगड, हाडें, तूस, राख, खापऱ्या, कोळसे, वाळू अशा जमिनींत लौकर न झिजणाऱ्या वस्तु गुप्तपणें पुरून ठेवाव्या. आणि वाद पडल्यास, खुणा स्पष्ट दिसतात अशा ज्येष्ठ मासांत निर्णय करावा, असें मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायांत सांगितलें आहे.

हीच कसोटी काश्मीरच्या कागदांस लावून पाहण्याचें आम्हीं योजिलें आहे. भारत व पाकिस्तान यांच्यामधील हा तंटा १९४७ पासून चालू आहे, आणि मे १९९८ मध्यें उभयतांनीं अणुस्फोट केल्यापासून त्याची धास्ती साऱ्या जगास वाटते. भारत सामीलनाम्यावर उभा आहे, पाकिस्तान सार्वमताची मागणी पुढें करितो. त्या मूळ हक्काचा निवाडा हा या लेखाचा विषय नव्हे. लेखांत सीमा जेथें नेमकी आहे तेथें काय घडलें, आणि जेथें मोघम आहे तेथें काय घडलें, एवढेंच आम्हांस पाहावयाचें आहे.

पहिला कागद अमृतसरचा तहनामा, तारीख १६ मार्च १८४६. यानें इंग्रजांनीं सिंधूच्या पूर्वेकडील व रावीच्या पश्चिमेकडील डोंगरी मुलूख ७५ लक्ष नानकशाही रुपयांस गुलाबसिंगांच्या हवालीं केला. दरसाल द्यावयाची खंडणी या लेखांत कशी लिहिली आहे तें पाहावें : एक घोडा, शालीच्या लोकरीच्या बारा शेळ्या, त्यांत सहा नर व सहा माद्या, आणि शालींच्या तीन जोड्या. शेळ्यांची मोजदाद अशी चोख. परंतु पूर्वसीमा मात्र पुढें आयुक्त नेमून, पाहणी करून, वेगळ्या करारानें ठरवावयाची, आणि उत्तरसीमेचें तर नांवहि नाहीं. ज्या भूमीचा वसूल येत नाहीं तिची सीमा लिहिण्याची निकड कोणास वाटली नाहीं.

दुसरा कागद सामीलनामा. २२ ऑक्टोबर १९४७ रोजीं टोळीवाल्यांची स्वारी संस्थानांत शिरली. महाराजा हरिसिंगांनीं २६ ऑक्टोबरला सही केली. दुसऱ्या दिवशीं गव्हर्नर-जनरल माउंटबॅटन यांनीं स्वीकृति दिली. संरक्षण, परराष्ट्रव्यवहार व दळणवळण हे विषय त्यानें भारताकडे आले. संस्थानाची व्याप्ति सर्वांस ठाऊकच आहे असें धरल्यामुळें यांत चतुःसीमा नाहीं. पुढें प्रकरण संयुक्त राष्ट्रांकडे गेलें, १ जानेवारी १९४९ पासून युद्ध थांबलें, आणि २७ जुलै १९४९ रोजीं कराची येथें उभय सैन्यांच्या प्रतिनिधींनीं युद्धविरामरेषा लिहून काढिली.

हा तिसरा कागद आमच्या विषयाचें मर्म होय. दक्षिणेस मनावरपासून निघून रेषा एकेक गांव, ओढा, टेंकडी घेत वर सरकते; श्योक नदीवरील चालुंका येतें, मग खोर येतें; आणि नंतर लेखक एकदम हात आखडता घेऊन म्हणतो, तेथून उत्तरेस हिमनद्यांपर्यंत. कारण उघड आहे. तेथें सैन्यें भिडलीं नव्हतीं, वस्ती नव्हती, आणि त्या बर्फावरून पुढें कोणी लढेल हें कोणाच्या स्वप्नींहि नव्हतें.

चौथा कागद १९७२ चा. २ जुलै रोजीं सिमला येथें करार होऊन, १७ डिसेंबर १९७१ च्या युद्धविरामानें पडलेली नियंत्रणरेषा दोघांनीं पाळावी, मात्र त्यानें कोणाच्याहि मूळ भूमिकेस बाध येऊं नये, असें ठरलें. त्यास अनुसरून ११ डिसेंबर १९७२ रोजीं सुचेतगढ येथें भारताचे लेफ्टनंट जनरल भगत व पाकिस्तानचे लेफ्टनंट जनरल अब्दुल हमीद खान यांनीं रेषेच्या आंखणीवर सह्या केल्या. प्रत्येक संचांत २७ नकाशे, ते जोडून १९ पट. दप्तराच्या दृष्टीनें असा काटेकोर सीमालेख विरळा. परंतु हाहि एन्‌जे ९८४२ या नकाशाबिंदूशीं येऊन थांबला. पुढचे तें मोघम कलम कोणीं उलगडलें नाहीं.

त्या एका शब्दसमूहाचे अर्थ आतां दोन झाले. भारत म्हणतो, उत्तरेस म्हणजे उत्तरेसच, व पर्वतांत सीमा जलविभाजक धारेनें जाते. सबब रेषा साल्टोरो धारेवरून जाईल. पाकिस्तान बिंदूपासून काराकोरम खिंडीपर्यंत, म्हणजे ईशान्येस, सरळ रेघ ओढितो. २ मार्च १९६३ रोजीं त्यानें चीनशीं जो सीमाकरार केला, त्याचें टोंक याच खिंडीशीं आहे. भारतानें तो करार कधींच मान्य केलेला नाहीं. अमेरिकी नकाशांतहि कांहीं काळ तशीच ईशान्येची रेघ छापली जात असे. या दोन अर्थांच्या मध्यें सुमारें ७६ किलोमीटर लांबीची सियाचेन हिमनदी सांपडली. १३ एप्रिल १९८४ रोजीं भारतीय सैन्यानें मेघदूत या नांवाच्या मोहिमेनें सुमारें अठरा हजार फूट उंचीच्या खिंडी हस्तगत केल्या, आणि तेव्हांपासून उभय सैन्यें तेथें ठाण मांडून आहेत. गोळीपेक्षां थंडीनें, विरळ हवेनें व कडे कोसळून अधिक माणसें गेलीं. ७ एप्रिल २०१२ रोजीं ग्यारी येथें एका हिमप्रपातांत पाकिस्तानचीं १४० माणसें गाडलीं गेलीं. ३ फेब्रुवारी २०१६ रोजीं भारताचें एक ठाणें दहा सैनिकांसह बर्फाखालीं गेलें.

आतां उलट बाजू. १९९९ मध्यें पाकिस्तानी सैन्य कारगिलच्या शिखरांवर रेषेच्या अलीकडे येऊन बसलें. रेषा तेथें स्पष्ट नाहीं असाहि युक्तिवाद त्या वेळीं झाला. परंतु सही झालेल्या नकाशांपुढें तो टिकेना. भारतानें रेषा न ओलांडतां लढण्याचें धोरण ठेविलें, आणि ४ जुलै १९९९ च्या वॉशिंग्टन येथील निवेदनांत सिमला करारास अनुसरून रेषेचा मान राखावा हें पाकिस्तानच्या पंतप्रधानांस मान्य करावें लागलें. युद्ध शस्त्रांनीं व शेंकडों जवानांच्या प्राणांनीं जिंकिलें गेलें यांत शंका नाहीं. तथापि दोन अण्वस्त्रधारी राष्ट्रांमधील तें युद्ध एका डोंगररांगेंत आटोक्यांत राहिलें, यांत त्या २७ नकाशांचाहि वांटा आहे. एकाच लेखमालेचा नेमका भाग रक्षण करितो व मोघम भाग माणसें खातो, याहून स्पष्ट उदाहरण आम्हांस ठाऊक नाहीं.

म्हणूनच एप्रिल २०२५ मध्यें पहलगाम येथील हत्याकांडानंतर भारतानें सिंधु जलकरार स्थगित केला व पाकिस्ताननें सिमला करारासह द्विपक्षीय करार स्थगित ठेवण्याचा हक्क सांगितला, हें वाचून कागदांच्या अभ्यासकास विशेष चिंता वाटली. मे महिन्यांत चार दिवस शस्त्रें चाललीं, व १० मे रोजीं थांबलीं. जो लेख वादाला मर्यादा घालितो तोच वादांत ओढला गेला, तर मागें उरतें तें केवळ मोघम कलम.

सियाचेनवरून सैन्यें मागें घेण्याच्या वाटाघाटी १९८६ पासून अनेकदां झाल्या. त्या अडल्या त्या एका नकाशावर. भारत म्हणतो, आज कोण कोठें आहे तें नकाशावर लिहून आधीं सह्या व्हाव्या, मग मागें सरूं. पाकिस्तान म्हणतो, सही केली तर तो ताबा कबूल केल्यासारखें होईल. स्मृतिकारांनीं सांगितलेला वड तेथें उगवत नाहीं. पुरलेली राख व खापरी सरकत्या बर्फाबरोबर वाहून जाईल. ज्येष्ठांतहि तेथें खूण दिसत नाहीं. तेथें एकच खूण टिकेल, ती दोघांच्या सहीच्या कागदाची. आणि तो कागद अद्याप लिहिला गेलेला नाहीं.