कात्रीत सापडलेलं शहर

शुक्रवारची रात्र आणि मित्राच्या लॅपटॉपवर मूकपट! 'जाम बोअर होणार' म्हणतच मी बसले. सुरुवातीलाच शिफ्ट बदलते. माना खाली घातलेले कामगार रांगेने लिफ्टकडे निघतात. गळ्यात अजून ऑफिसचं आय-कार्ड अडकवलेला मित्र म्हणाला, ''अगं, हे तर आमचं सोमवारचं ऑफिस!''

हा फ्रिट्झ लँगचा 'मेट्रोपोलिस'. सायन्स फिक्शन सिनेमाचा पणजोबाच म्हणा ना! १० जानेवारी १९२७ ला बर्लिनमध्ये त्याचा प्रीमियर झाला. वर गगनचुंबी इमारतींत मालक, जमिनीखाली मशिनला जुंपलेले मजूर आणि त्यांना भडकवणारी एक यंत्र-बाई. पटकथा लँगची पत्नी थेआ फॉन हार्बू हिची. लँगपासून घटस्फोट घेतल्यावर तिने पुढे लग्न केलं ते आयी तेंडुलकर या आपल्या मराठी पत्रकाराशी!

पण अडीच तासांचा तो अख्खा सिनेमा फार थोड्यांच्या नशिबी आला. अमेरिकेत पॅरामाउंटने तो कापून छोटा केला. जर्मनीत कर्जात बुडालेली 'उफा' कंपनी आल्फ्रेड हुगेनबर्ग या कट्टर राष्ट्रवादी वृत्तपत्रसम्राटाच्या हाती गेली. एप्रिल १९२७ मध्ये 'उफा'च्या संचालकांनी ठरवलं, की यापुढे अमेरिकेत कापलेलीच आवृत्ती दाखवायची आणि पडद्यावरची कम्युनिस्ट वाटणारी वाक्यंही काढायची. म्हणजे ही कात्री सरकारी सेन्सॉरची नव्हतीच, मालकांची होती! हाच हुगेनबर्ग १९३३ मध्ये हिटलरच्या मंत्रिमंडळात बसला.

जवळपास पाव सिनेमा गेला. मालकाच्या मुलाशी कपडे बदलून एक रात्र शहराची मजा चाखणारा ११८११ नंबरचा कामगार आणि मालकाने पाळतीवर ठेवलेला माणूस, दोघांच्या वाट्याला जेमतेम काही क्षण उरले. ज्या कामगाराला स्वतःची गोष्ट होती तोच गेला. उरली ती नुसती गर्दी. आणि गर्दी काय, मूर्खच वाटते.

२००८ मध्ये ब्वेनोस आयर्सच्या सिनेमा म्युझियममध्ये १६ एमएमची जवळजवळ पूर्ण कॉपी सापडली. तिच्या आधारे जुळवलेला सिनेमा फेब्रुवारी २०१० मध्ये बर्लिनमध्ये दाखवला गेला. सापडलेल्या भागावर इतके चरे होते, की साफ करूनही ते राहिलेच.

आमच्याही स्क्रीनवर अचानक चरे सुरू झाले. ''प्रिंट खराब आहे,'' म्हणत मित्राने फॉरवर्ड करायला हात पुढे केला. मी तो धरला. बॉस, जिथे चरे दिसतात तिथेच तर कात्री चालली होती. या वीकएंडला बघाल तेव्हा तेवढा भाग सोडू नका!