एक सामना तिचा, एक त्याचा, तिसरा दोघांचा

टेनिस हा काही आपल्या गावच्या मैदानावरचा खेळ नव्हे. कुस्ती, कबड्डी, खो-खो आपल्या अंगवळणी पडलेले. क्रिकेट तर वाडीवस्तीवर पोचले. तरीही टेनिसच्या एका स्पर्धेची हकीकत घरातल्या सर्वांनी, त्यातून नवराबायकोने, एकत्र बसून वाचावी अशी आहे. या स्पर्धेत देशाचा संघ दोघांचाच असतो. एक बाई आणि एक पुरुष.

स्पर्धेचे नाव हॉपमन चषक. १९८९ साली ती ऑस्ट्रेलियातील पर्थ शहरात सुरू झाली. त्यानंतर तीस वर्षे, म्हणजे २०१९ पर्यंत, नव्या वर्षाच्या तोंडावर ती तिथेच भरत असे.

हिशेब साधा, पण चोख

नियम ऐकाल तर तुम्हांलाही पटेल. दोन देश समोरासमोर आले की तीन सामने होतात. एक बायकांचा, एक पुरुषांचा. तिसरा मिश्र दुहेरीचा, त्यात जाळीच्या दोन्ही बाजूंना एकेक बाई आणि एकेक पुरुष. प्रत्येक सामन्याला एक गुण. ज्याचे दोन गुण, तो देश जिंकला.

आता बघा. पुरुष खेळाडू जगात पहिल्या नंबरचा असला तरी एकट्याच्या बळावर तो एकच गुण आणू शकतो. बाईचेही तेच. तिच्या गुणाला पावली कमी नाही आणि त्याच्या गुणाला पावली जास्त नाही. दोन्ही देशांचा एकेक गुण झाला, की निकाल लावायचा तो दोघांनी मिळून.

हॅरी आणि नेल

ज्यांचे नाव या चषकाला दिले, ते हॅरी हॉपमन ऑस्ट्रेलियाचे मोठे प्रशिक्षक. पुरुषांच्या डेव्हिस चषकात त्यांच्या हाताखाली ऑस्ट्रेलियाने १६ वेळा बाजी मारली. १९८५ साली ते वारले. पण त्यांच्याबरोबर आणखी एक नाव घ्यायला हवे, ते त्यांच्या पत्नीचे, नेल हॉपमन यांचे. या दांपत्याने ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय स्पर्धेत मिश्र दुहेरीचे अजिंक्यपद चार वेळा मिळवले: १९३०, १९३६, १९३७ आणि १९३९ साली. बायकांसाठीही डेव्हिस चषकासारखी देशादेशांची स्पर्धा हवी, म्हणून नेलबाईंनी खटपट केली. १९६३ साली तशी स्पर्धा लंडनमध्ये सुरू झाली. मिश्र संघांच्या चषकाला हॉपमन हे आडनाव शोभते ते असे.

मधला चेंडू कोणाचा?

टेनिसचे मैदान ७८ फूट लांब. एकट्याने खेळताना त्याची रुंदी २७ फूट धरतात, जोडीने खेळताना ३६ फूट. म्हणजे माणसे दुप्पट झाली, पण जागा दुप्पट झाली नाही. मग अडचण येते ती मधल्या चेंडूची. दोघांच्या बरोबर मध्ये आलेला चेंडू तू मारशील म्हणून मी थांबलो, मी मारीन म्हणून तू थांबलीस, की चेंडू मधूनच निघून जातो. दोघेही धावले तर रॅकेटवर रॅकेट आपटते. म्हणून चांगली जोडी खेळताना सारखी बोलत असते, एकमेकांना खुणा करते. प्रतिस्पर्धी पुरुषाने मारलेली सर्व्हिस बाईच्या वाट्याला आली, तर तीही तिलाच परतवावी लागते. तिथे सवलत नाही.

जू सारखे वाहायचे तर दोन्ही बैलांना एकमेकांची चाल कळावी लागते. एक जोरकस आणि एक मंद असला तर तास वाकडे जाते, हे तुम्हांला कोणी सांगायला नको.

हरलेलीच जिंकली

१ जानेवारी २०१९. पर्थला स्वित्झर्लंड विरुद्ध अमेरिका. स्वित्झर्लंडकडून रॉजर फेडरर आणि बेलिंडा बेनचिच. अमेरिकेकडून सेरेना विल्यम्स आणि फ्रान्सिस टिआफो. फेडररने टिआफोला हरवले, सेरेनाने बेलिंडाला हरवले. एक-एक झाले. फेडरर आणि सेरेना मैदानावर आमनेसामने येण्याची ती पहिलीच वेळ, त्यामुळे प्रेक्षागार माणसांनी फुललेले. तिसरा सामना स्वित्झर्लंडने जिंकला. सेरेनापुढे थोड्या वेळापूर्वी हरलेली बेलिंडाच त्या विजयाची अर्धी वाटेकरीण होती. तिच्या जोडीदाराने तिची हार मनात धरली असती, तर हे झाले नसते.

उलटा दाखलाही आहे. १९९६ च्या अंतिम लढतीत स्वित्झर्लंडचाच मार्क रोसे, पंधरा वर्षांच्या मार्टिना हिंगिसबरोबर क्रोएशियाविरुद्ध मिश्र दुहेरी खेळत होता. सामना अगदी शेवटाला आलेला. एक गुण हातचा गेला म्हणून रोसेने रागाच्या भरात मैदानाकडेच्या फळीवर ठोसा मारला आणि हात जायबंदी करून घेतला. खेळणे थांबले, चषक क्रोएशियाला गेला. राग एकाचा, पण नुकसान दोघांचे.

आपली माणसे

२००७ साली भारताची जोडी पर्थला खेळली. मुंबईत जन्मलेली आणि हैदराबादेत वाढलेली सानिया मिर्झा, आणि कर्नाटकातल्या कोडगूच्या कॉफीमळ्यांच्या मुलखात लहानाचा मोठा झालेला रोहन बोपण्णा. पुढे २०२३ साली हीच दोघे ऑस्ट्रेलियन खुल्या स्पर्धेत मिश्र दुहेरीच्या अंतिम सामन्यापर्यंत पोचली.

हॉपमन चषक पर्थहून हलला. २०२३ साली तो फ्रान्समधल्या नीसला आणि २०२५ साली इटलीतल्या बारीला भरला. ऑस्ट्रेलियात २०२३ पासून युनायटेड चषक नावाची मोठी मिश्र स्पर्धा सुरू झाली. तिथे संघात बदली खेळाडू चालतात, आणि बायकांच्या व पुरुषांच्या बक्षिसात फरक नाही.

तिथली २०२४ ची अंतिम लढत ऐका. पोलंड विरुद्ध जर्मनी, ठिकाण सिडनी. बायकांचा सामना पोलंडने सहज घेतला. पुरुषांच्या सामन्यात जर्मनीचा अलेक्झांडर झ्वेरेव दोनदा हरण्याच्या काठावर आला, पण तीन तासांवर झुंजून वाचला. आता तिसरा सामना. जर्मनीने अँजेलिक केर्बरला बसवून लॉरा सीगमुंडला उतरवले. केर्बर एकेकाळची जगातली पहिल्या क्रमांकाची खेळाडू. सीगमुंडचे नाव तेवढे मोठे नाही, पण जोडीने कसे खेळावे यात ती मुरलेली. थकलेल्या झ्वेरेवला तिने सांभाळून घेतले, आणि चषक जर्मनीचा झाला.

वाचकहो, जोडीने काम करणे हे वेगळे कसब आहे, एवढे यावरून ध्यानात येते. ते एकट्याच्या ताकदीवर येत नाही. आपल्या घरी हे कसब रोजच चालते. धारा, निंदणी, वेचणी, मळणी यांत तिचा सामना असतोच. नांगरट, पाणी, बाजार यांत त्याचा असतो. पण सुगी संपल्यावर हिशेबाला बसतो तेव्हा तिचा गुण मांडतो का, हे ज्याने त्याने आपल्या वहीत पाहावे. टेनिसवाल्यांनी तो फळ्यावर लिहिला, सगळ्यांना दिसेल असा. आपण निदान घरातल्या वहीत लिहू या.