अज्ञात वाहनाचा अपघात व नुकसानभरपाई : अमरावती-अकोला महामार्गाच्या संदर्भात

अमरावती-अकोला महामार्गावर जून २०२२ मध्ये ७५ किलोमीटरचा डांबरी थर १०५ तास ३३ मिनिटांत अंथरला गेला. गिनीजमध्ये त्याची नोंद झाली. अशा वेगवान रस्त्यावर जीवघेणी धडक देऊन वाहन पसार झाल्यास मृताच्या वारसांना मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम १६१ अन्वये दोन लाख रुपये मिळतात. १ एप्रिल २०२२ पूर्वी ही रक्कम अवघी २५ हजार होती. मृताचे वय व मिळकत येथे विचारात घेतली जात नाही.

वाहन सापडल्यास मात्र कलम १६६ अन्वये न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. सरला वर्मा (२००९) व प्रणय सेठी (२०१७) या निर्णयांनुसार, दरमहा १०,००० मिळवणाऱ्या, चार आश्रितांच्या ३५ वर्षीय शेतमजुराच्या मिळकतीत भावी वाढीचे ४० टक्के मिळवून, स्वखर्चाचा एक चतुर्थांश वजा करून वार्षिक रकमेस १६ ने गुणावे लागते. ही हानी २०,१६,००० रुपये होते. वेतनपावती नसल्याने त्याची मिळकत बहुधा अंदाजानेच धरली जाते, ही अडचण आहेच. परंतु वाहनाचा क्रमांकच हाती नसल्यास हा हिशेब मांडलाच जात नाही.