हेतूविना सर्जन: कासची फुले, चाळकेवाडीचे सरडे, तासगावची द्राक्षे

पावसाळा सरत आला की साताऱ्याजवळच्या कास पठारावर गर्दी लोटते आणि निसर्गाने रंगांची उधळण केल्याचे वाक्य दरवर्षी कुठे ना कुठे छापून येते. वाक्य निरुपद्रवी आहे. मात्र त्याच्या पोटात एक जुनी कल्पना दडलेली असते: निसर्ग नावाचा कोणी कर्ता आहे, त्याला काही साधायचे आहे आणि फुले, कीटक, माणसे त्याच्या बेतानुसार घडली आहेत. याच्या दुसऱ्या टोकाची समजूतही तितकीच रुजलेली आहे. हेतू नाही म्हणजे मग सगळा निव्वळ योगायोग, आणि योगायोगातून एवढी कारागिरी कशी निघेल, असा प्रश्न त्या टोकावरून विचारला जातो. दोन्हीकडची माणसे एकच गोष्ट न तपासता धरून चालतात, की नवनिर्मिती आणि हेतू एकमेकांशिवाय असूच शकत नाहीत. प्रत्यक्षात ही जोडी फुटू शकते. उत्क्रांतीत खरीखुरी नवनिर्मिती आहे, दूरदृष्टी मात्र नाही. हेतूही जगात आहे, पण तो एकेका जीवाच्या वागण्यात आहे, उत्क्रांतीच्या वाटचालीत नाही. याचा पुरावा शोधायला सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांबाहेर फारसे जावे लागत नाही.

कासचे पठार जांभा खडकाचे आहे. 2012 मध्ये पश्चिम घाटाला जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली, त्यात कासचाही समावेश झाला. खडकावर मातीचा थर जेमतेम, आणि मुसळधार पावसात तिच्यातले नत्र-स्फुरद वाहून जाते. अशा ठिकाणी दवबिंदू (ड्रॉसेरा) आणि सीतेची आसवे (युट्रिक्युलॅरिया) या कीटकभक्षी वनस्पती मुबलक वाढतात. दवबिंदूच्या पानांवरच्या केसांच्या टोकाशी चिकट थेंब असतात. त्यांवर किडा अडकला की केस वाकून त्याला वेढतात आणि पाचक रस त्याला विरघळवतात. सीतेच्या आसवांची देखणी निळी-जांभळी फुले पाहणाऱ्याला जमिनीखालचा प्रकार दिसतच नाही. तिथे बारीक फुगे असतात, ते आतले पाणी बाहेर टाकून आत कमी दाब निर्माण करतात, आणि दाराजवळच्या केसाला सूक्ष्म जीव लागला की सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या आसपास तो पाण्यासकट आत ओढला जातो. हे पाहून सहज म्हटले जाते की माती निकस होती म्हणून या वनस्पतींनी किडे खायला सुरुवात केली. इथे ‘म्हणून’ हा शब्द सगळा घोटाळा करतो. गरज पडली म्हणून कोणत्याही झाडाला नवा अवयव मिळत नाही. नाहीतर याच पठारावरच्या गवतांनाही सापळे फुटले असते. कारण ती उभी आहेत त्याच निकस मातीत.

घडले असेल ते असे. चिकट स्राव करणारे केस असंख्य वनस्पतींच्या पानांवर असतात, त्यांचे मूळ काम पाने खाणाऱ्या किड्यांना अडवण्याचे. काही रोपांत हा स्राव आनुवंशिक फरकामुळे थोडा जास्त होता, किंवा मेलेल्या किड्यातले नत्र पानातून थोडे शोषले जात होते. चांगल्या मातीत या फरकाचा उपयोग शून्य, उलट खर्च जास्त, कारण सापळ्यात गुंतलेले पान प्रकाशसंश्लेषणात मागे पडते. उघड्यावरच्या, ओल्या, निकस जागेत मात्र ऊन आणि पाणी भरपूर, तुटवडा फक्त नत्राचा, म्हणून तिथे हा व्यवहार परवडतो. अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ थॉमस गिव्हनिश यांनी 1984 मध्ये हा जमाखर्च मांडला आणि कीटकभक्षी वनस्पती जगभर अशाच जागी का सापडतात याचा उलगडा केला. त्याच्या शंभरेक वर्षे आधी चार्ल्स डार्विनने दवबिंदूच्याच एका युरोपीय जातीवर प्रयोग केले होते. नत्र असलेल्या पदार्थांना पाने प्रतिसाद देतात आणि नत्र नसलेल्यांना सहसा देत नाहीत, हे त्याने दाखवले आणि 1875 मध्ये कीटकभक्षी वनस्पतींवर अख्खे पुस्तक लिहिले.

इथे सर्वांत वजनदार आक्षेप फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ याचा आहे. 1907 साली प्रसिद्ध झालेल्या ‘सर्जनशील उत्क्रांती’ या ग्रंथात त्याने विचारले की माणसाचा डोळा आणि एका शिंपल्याचा डोळा इतके सारखे कसे? दोघांचे वंश फार पूर्वी वेगळे झाले. आंधळ्या बदलांच्या बेरजेतून दोनदा तीच रचना येणे त्याला अशक्य वाटले आणि त्याने जीवनाच्या मुळाशी एक प्राणप्रेरणा कल्पिली. बर्गसाँला साधा हेतुवादी म्हणणे अन्यायाचे होईल. आधी ठरलेले ध्येयसुद्धा त्याला मान्य नव्हते, कारण शेवट आधीच ठरला असेल तर नवे काही घडतच नाही, असे तो म्हणे. हा त्याचा मुद्दा आजही धारदार आहे. पण प्राणप्रेरणेची गरज आहे का? त्याचा प्रश्न कासवरही विचारता येतो. दवबिंदू आणि सीतेची आसवे जवळच्या नात्यातल्या नाहीत. सपुष्प वनस्पतींमध्ये कीटकभक्षण अनेकदा स्वतंत्रपणे उगवले आहे. 2017 मध्ये संशोधकांनी स्वतंत्रपणे कीटकभक्षी झालेल्या काही वनस्पतींचे पाचक रस रेणूंच्या पातळीवर तपासले. त्यांत दवबिंदूचा एक ऑस्ट्रेलियन भाऊबंदही होता. त्यांना आढळले की वेगवेगळ्या वंशांनी त्याच जुन्या प्रथिन-कुळांना नव्या कामाला लावले आहे. ही प्रथिने मुळात रोगापासून आणि ताणापासून झाडाचा बचाव करणारी. बुरशीचे कवच फोडणारे विकर किड्याचे कवचही फोडते, कारण दोन्हींत कायटिन असते. म्हणजे साम्याचे कारण पुढून ओढणारे ध्येय नाही. प्रश्न एकच, हाताशी असलेली जुनी सामग्री एकच आणि रसायनशास्त्राचे नियमही एकच, त्यामुळे उत्तरेही जवळपास तीच निघाली. फ्रेंच जीवशास्त्रज्ञ फ्रांस्वा जाकोब याने 1977 मध्ये उत्क्रांतीला अभियंत्यापेक्षा भंगारातल्या सुट्या भागांतून यंत्र जुळवणाऱ्या कारागिराच्या जवळ ठेवले, ते याच अर्थाने.

मग नवे ते काय, सगळे जुनेच तर आहे, असे म्हणता येईल. याला उत्तर देणारा प्रयोग अमेरिकेत रिचर्ड लेन्स्की यांनी 1988 मध्ये सुरू केला. ई. कोलाय जीवाणूंचे एकसारखे बारा गट रोज नव्या खाद्यात वाढवायचे, एवढाच तो प्रयोग. खाद्यात सायट्रेट हे रसायन होते. ऑक्सिजन असताना ते वापरणे या जीवाणूला जमत नाही. साधारण साडेएकतीस हजार पिढ्यांनंतर बारांपैकी एका गटाला ते जमू लागले. सायट्रेट आत आणणारे जनुक त्यांच्यात आधीपासून होते. त्याची आणखी एक प्रत तयार होऊन ती ऑक्सिजन असतानाही चालू राहणाऱ्या नियंत्रक भागाशेजारी जाऊन बसली. संशोधकांनी गोठवून ठेवलेल्या जुन्या पिढ्या पुन्हा वाढवल्या, तेव्हा असेही दिसले की ठरावीक टप्प्यानंतरच्या पिढ्यांतूनच ही क्षमता पुन्हा उगवते. आधीच्या बदलांनी वाट तयार केली होती, ती कशासाठी हे त्यांना ठाऊक नसताना. आधी या वंशात नसलेली क्षमता त्याच्यात आली, ही नवनिर्मिती नाही तर काय आहे? आणि याला निव्वळ योगायोग म्हणणेही चूक. बदल यदृच्छेने येतात, टिकतात ते मात्र नैसर्गिक निवडीच्या चाळणीतून. चाळणीला स्मरण असते, कारण प्रत्येक पिढी मागच्या पिढीत टिकलेल्यावरच उभी राहते.

आणखी एका समजुतीचा उल्लेख करून पुढे जाऊ. मत्स्य, कूर्म, वराह, नरसिंह या अवतारक्रमात उत्क्रांतीच सांगितली आहे, असे आपल्याकडे हौसेने म्हटले जाते. अवतारकथांचे मोल त्यांच्या ठिकाणी आहे, पण उत्क्रांती ही माणसाकडे चढत जाणारी शिडी नाही. युट्रिक्युलॅरिया प्रकारच्या वनस्पतींत खरी मुळेच उरलेली नाहीत, आणि त्यांतल्याच एका पाणवनस्पतीचा जनुकसंच 2013 मध्ये वाचला गेला तेव्हा तो वनस्पतींच्या मानाने फारच आटोपशीर निघाला. गमावणे हीसुद्धा उत्क्रांतीच आहे.

तर मग हेतू ही निव्वळ भ्रामक कल्पना म्हणायची का? नाही, आणि इथे काही कडवे भौतिकवादी घाई करतात. चाळकेवाडीच्या पठारावर, पवनचक्क्यांच्या रांगांमध्ये, गळ्याखाली निळा-काळा-नारिंगी पंखा असलेला सरडा राहतो. 2016 मध्ये त्याला सारडा सुपर्बा हे शास्त्रीय नाव मिळाले. नर पंखा उघडतो तो मादीला आकर्षित करण्यासाठी आणि दुसऱ्या नराला हटवण्यासाठी. हा ‘साठी’ खरा आहे. याच पठारावरचा एक अभ्यास 2018 मध्ये प्रसिद्ध झाला. पवनचक्क्या असलेल्या भागात शिकारी पक्षी जवळपास चौपटीने कमी आढळले, सरड्यांची संख्या वाढलेली होती, त्यांच्या रक्तातले ताणाचे संप्रेरक कमी होते आणि माणूस बराच जवळ येईपर्यंत ते पळत नव्हते. मात्र गर्दीमुळे खाण्याची ओढाताण होऊन त्यांची अंगकाठी खालावली होती आणि पंख्याचे रंगही फिकटले होते. वीज तयार करणाऱ्यांना सरड्यांशी काही देणेघेणे नव्हते, घारीसारख्या पक्ष्यांना आणि सरड्यांना पवनचक्कीचे प्रयोजन ठाऊक नव्हते. प्रत्येकाचे आपापले उद्दिष्ट होते आणि एकूण परिणाम कुणाच्याच उद्दिष्टात नव्हता. हे बदल आनुवंशिक आहेत असा दावा त्या अभ्यासाने केला नव्हता, हेही सांगायला हवे, कारण डोळ्यांदेखत घडलेला प्रत्येक बदल उत्क्रांती नसतो. पण शिकारी कमी आणि गर्दी जास्त अशी परिस्थिती पिढ्यान्‌पिढ्या राहिली तर चाळणी बदलेल. जीवाचे वागणे चाळणीला वळण देऊ शकते. पुढच्या पिढ्यांत कोणता बदल उगवावा, हे ठरवणे त्याच्या हातात नसते.

ज्याच्याकडे खरोखर हेतू आहे, दूरदृष्टी आहे, हिशेब आहे, त्याच्याही हातात ते नसते. सांगली जिल्ह्यातला द्राक्ष बागायतदार घ्या. तासगाव, मिरज, पलूस भागात पसरलेल्या बिनबियांच्या जातींच्या मुळाशी थॉमसन सीडलेस आहे. तिच्या मण्यात बी तयार होऊ लागते आणि मध्येच खुरटते. त्यामागे एका जनुकातला अगदी छोटा बदल आहे, हे 2018 मध्ये दाखवले गेले. रानातल्या वेलीसाठी बी न धरणे म्हणजे वंशाचा शेवट. माणसाने मात्र कलमे करून तोच दोष हजारो एकरांवर नेला. तासगाव भागातच थॉमसनमधून निवडलेली ‘तास-ए-गणेश’ ही जात पुढे आली. बागायतदाराने लांब मण्याची वेल मागवली नव्हती. वेगळी दिसलेली वेल त्याने ओळखली, राखली, वाढवली. छाटणी, जीएची (जिबरेलिक ॲसिडची) बुडवणी, रूटस्टॉक या सगळ्यात त्याचा हेतू ओतप्रोत आहे, पण नवा गुण उगवण्याच्या क्षणी तो हेतू बाहेरच उभा असतो. म्हणून मला वाटते की हेतू गृहीत धरल्याने नवनिर्मितीचे कोडे सुटत नाही. पूर्ण शुद्धीतल्या माणसालाही बदल उगवायची वाटच पाहावी लागते, मग निसर्गामागे एखादी योजना कल्पून हाती काय लागते?

याच बागांत सर्वांत महागडा गैरसमजही नांदतो: डाऊनीला (केवडा रोगाला) औषधाची सवय झाली. सवय म्हटले की रोगजंतू औषधाला तोंड देता देता शिकला, असे चित्र उभे राहते. 1943 मध्ये साल्व्हाडोर लुरिया आणि माक्स डेलब्रुक यांनी हेच तपासले. त्यांनी जीवाणूंच्या अनेक वेगवेगळ्या नळ्या वाढवल्या आणि मग त्यांच्यावर विषाणू सोडला. विषाणू भेटल्यावर जीवाणू शिकत असते, तर प्रत्येक नळीतून साधारण सारखेच जीवाणू वाचले असते. प्रत्यक्षात काही नळ्यांत एकही वाचला नाही, काहींत ढिगाने वाचले. याचा अर्थ बदल विषाणू येण्यापूर्वीच, कुठे लवकर तर कुठे उशिरा, घडून गेलेला होता. 1988 मध्ये जॉन केर्न्स यांनी उलट सुचवले, जीवाणू उपयोगी बदल निवडून करत असावेत असे. पुढच्या तपासणीत उपासमारीच्या काळात बदलांचा वेग वाढू शकतो हे ठरले, पण ते उपयोगाच्याच दिशेने येतात हे ठरले नाही.

डाऊनीचेही तेच. स्ट्रॉबिल्युरिन गटाच्या औषधांना न जुमानणाऱ्या डाऊनीत एका प्रथिनातल्या 143व्या जागी ग्लायसिनऐवजी ॲलॅनिन असते. हाच बदल युरोपातही सापडला आणि भारतातल्या द्राक्षबागांतही. कोट्यवधी बीजाणूंपैकी एखाद्यात तो फवारणीआधीच असतो, फवारणी फक्त बाकीच्यांना हटवून त्याला रान मोकळे करून देते. हा बदल असलेल्या डाऊनीवर मात्रा वाढवून काहीही साधत नाही. त्याच गटातला दुसऱ्या नावाचा डबा आणूनही नाही. एका हंगामात एकाच गटाच्या फवारण्या मोजक्या ठेवणे आणि मध्ये वेगळ्या गटाचे किंवा मॅन्कोझेबसारखे स्पर्शजन्य औषध घेणे, हाच उपाय उरतो. म्हणून द्राक्ष बागायतदारांना एवढेच सांगणे आहे: फवारणीच्या वहीत औषधाच्या नावापुढे त्याचा गटही लिहा.